चुनारगढ : तिलिस्म पुस्तकातला, तुरुंग खरा

काशीयात्रेला जाणाऱ्या मराठी कुटुंबांचा कार्यक्रम बहुधा ठरलेला असतो. गंगास्नान, विश्वेश्वराचे दर्शन, घाटांवरून नावेतून फेरी, एक दिवस सारनाथ आणि परतीच्या आदल्या संध्याकाळी साड्यांची खरेदी. हातात आणखी एक दिवस असेल आणि बरोबर गोष्टीवेल्हाळ मुले असतील, तर वाराणसीपासून सुमारे चाळीस किलोमीटरवर असलेल्या एका किल्ल्याकडे जरूर वळावे. त्याचे नाव चुनार. पण हिंदी वाचकांच्या चार पिढ्या त्याला ओळखतात ते ‘चुनारगढ’ म्हणून. जादूचा, भुयारांचा आणि आपोआप उघडणाऱ्या दारांचा गड म्हणून!

ज्यांच्या घरी १९९४ नंतरच्या दोन वर्षांत रविवारी सकाळी दूरदर्शन लावलेले असे, त्यांना वेगळे सांगायला नकोच. ‘चंद्रकांता’ ही मालिका तेव्हा घराघरात पाहिली जाई. क्रूरसिंहाच्या त्या लांबलचक भुवया आणि त्याचे ‘यक्कू’ मुलांच्या तोंडी झाले होते. नौगढचा राजकुमार वीरेंद्रसिंह, विजयगढची राजकन्या चंद्रकांता आणि दोघांच्या आड येणारा चुनारगढचा राजा शिवदत्त. मालिका मूळ कादंबरीपासून पुष्कळ दूर गेली होती हे खरे. पण चुनारगढ हे नाव महाराष्ट्रातल्या घरांतही पोहोचले ते तिच्यामुळेच.

एक विजनवासी ठेकेदार

ही कादंबरी लिहिणारे बाबू देवकीनंदन खत्री यांचा जन्म १८६१ चा, बिहारमधील मुजफ्फरपूर भागातला. पुढे ते काशीला स्थायिक झाले. काशीनरेशांच्या मेहेरबानीने त्यांना चकिया आणि नौगढच्या जंगलांचा ठेका मिळाला. लाकूडफाट्याच्या व्यवहारानिमित्त ते विंध्याच्या या डोंगररांगांत महिनोन्महिने फिरत. ओसाड गढ्या, बुजलेल्या विहिरी, वेलींनी वेढलेले पडके बुरूज हा त्यांचा रोजचा शेजार होता. पुढे ठेका सुटला. हाताला काम उरले नाही, पण डोक्यात ते सगळे भग्नावशेष साठलेले होते. त्यांतूनच १८८८ मध्ये ‘चंद्रकांता’ अवतरली.

पुस्तक असे गाजले की त्यापाठोपाठ ‘चंद्रकांता संतति’चे चोवीस भाग आले, मग ‘भूतनाथ’ सुरू झाले. १८९८ मध्ये खत्रींनी स्वतःचा ‘लहरी प्रेस’ काढला. १९१३ मध्ये ते वारले तेव्हा ‘भूतनाथ’ अपुरेच होते. त्यांचे पुत्र दुर्गाप्रसाद यांनी ते पुरे केले. ही पुस्तके वाचता यावीत एवढ्यासाठी उर्दू जाणणारे असंख्य लोक नागरी अक्षरे शिकले, असे हिंदी साहित्याच्या इतिहासकारांनी नोंदवून ठेवले आहे. एखाद्या भाषेची मुळाक्षरे लोकांनी गोष्टीच्या ओढीने गिरवावीत, यापरते मोठे प्रशस्तिपत्र लेखकाला कोणते मिळणार?

मराठी वाचकाला असल्या अद्भुताचे वावडे कधीच नव्हते. लक्ष्मण मोरेश्वर हळबे यांची ‘मुक्तामाला’ १८६१ मध्ये आणि नारो सदाशिव रिसबूड यांची ‘मंजुघोषा’ १८६८ मध्ये, म्हणजे ‘चंद्रकांता’च्याही आधी, आपल्याकडे आवडीने वाचली जात होती. पण आपल्या त्या कादंबऱ्यांतली नगरे नकाशावर शोधायला जावे तर सापडत नाहीत. खत्रींनी मात्र आपली मायानगरी खऱ्याखुऱ्या जागांवर उभारली. नौगढ आहे, विजयगढ आहे, ‘संतति’तला रोहतासगढही बिहारात आहे. आणि चुनारगढ तर गंगेच्या ऐन काठावर उभा आहे.

तिलिस्म म्हणजे काय?

‘तिलिस्म’ हा शब्द अरबीतून फारसी-उर्दूमार्गे आपल्याकडे आला. त्याचे मूळ ग्रीक भाषेत आहे. इंग्रजीतला ‘टॅलिस्मन’ हा त्याचाच भाऊबंद. अमीर हमजाच्या प्रदीर्घ दास्तानांत जादूगारांनी बांधलेली अशी मायावी राज्ये येतात. लखनौच्या नवलकिशोर छापखान्यातून १८८३ पासून निघू लागलेली ‘तिलिस्म-ए-होशरुबा’ ही त्यांतली सर्वांत गाजलेली. खत्रींच्या काळी ही दास्तान उत्तर हिंदुस्थानात ऐन भरात होती.

पण खत्रींचा तिलिस्म वेगळा आहे. त्यात जिन नाहीत, परी नाहीत, मंत्राने उडणारे गालिचे नाहीत. त्यांच्या कथेप्रमाणे, ज्याच्यापाशी अमाप धन आहे पण ते सांभाळायला वारस नाही, असा राजा तिलिस्म बांधवून घेतो. ज्योतिषी गणित मांडून सांगतात की अमुक पिढीत अमुक नावाचा पुरुष जन्मेल. मग कारागीर, वैद्य आणि शिल्पी मिळून अशी वास्तू रचतात की त्या माणसाखेरीज दुसरा कोणी आत शिरला तर अडकलाच! दगडी बगळा चोच उघडतो आणि माणसाला गिळून तळघरात टाकतो. ओट्यावर दगडाचा माणूस झोपलेला असतो आणि त्याच्याखाली रहस्य दडलेले असते. हे सारे चालते ते कळसूत्रे, कमानी आणि औषधे यांवर. म्हणजे जादू खरी, पण तिला किल्ली आहे; शहाण्या माणसाने नीट शोधली तर ती सापडते. आगगाडी आणि तारायंत्र नुकतेच पाहिलेल्या त्या पिढीला ही कल्पना का आवडली असेल, हे सहज समजण्यासारखे आहे.

आणि ऐयार! ऐयार म्हणजे हेर, बहुरूपी, वैद्य आणि दरोडेखोर यांचे अजब मिश्रण. कमरेला बटवा, बटव्यात बेहोशीची पूड, शुद्धीवर आणणारा ‘लखलखा’, वेषांतराचे रंग. खांद्याला बुरुजावर फेकायची कमंद. वीरेंद्रसिंहाचा तेजसिंह हा ऐयार, तर चंद्रकांतेची सखी चपला ही ऐयारा. सव्वाशे वर्षांहून जुन्या या पुस्तकात चपला पुरुषवेषात रानावनांतून एकटी फिरते, शत्रूच्या ऐयारांना गुंगारा देते आणि राजकन्येला सोडवायला स्वतः निघते. शिवाय या दुनियेचा एक सुंदर नियम आहे : ऐयाराला ठार मारायचे नाही. पकडला तर कैदेत ठेवायचे, तेवढेच. त्यामुळे वाचकाला धाकधूक वाटते, पण धसका बसत नाही. सुटका होणार याची खात्री असते.

हा नियम डोक्यात ठेवून आता गडावर चढू या.

पावलाच्या आकाराची टेकडी

हावडा-दिल्ली लोहमार्गावर मिर्झापूर आणि पूर्वी मुगलसराय म्हणून ओळखले जाणारे दीनदयाळ उपाध्याय जंक्शन यांच्या दरम्यान चुनार स्टेशन लागते. विंध्याची एक सोंड इथे थेट गंगेत उतरली आहे आणि तिच्या माथ्यावर किल्ला आहे. दुरून पाहिले तर टेकडी मानवी पावलासारखी दिसते, म्हणून तिचे जुने नाव ‘चरणाद्री’. वामनावताराने इथे पाऊल ठेवले अशी श्रद्धा आहे. पायथ्यापासून चढताना डावी-उजवीकडे तांबूस पिवळ्या दगडाची तटबंदी सोबत करते आणि वर पोहोचल्यावर गंगेचे असे विशाल वळण दिसते की थकवा विसरावा.

गडावर भर्तृहरीची समाधी आहे. उज्जैनीच्या विक्रमादित्याचा हा भाऊ राज्य सोडून इथे तपाला बसला आणि त्याच्यासाठी विक्रमाने किल्ला बांधला, अशी कथा सांगतात. वामन पंडितांच्या श्लोकांतून भर्तृहरीची शतके मराठीत आली आणि नवनाथांत भर्तरीनाथ म्हणून त्याचे नाव आपण घेतो, त्यामुळे मराठी माणसाला ही समाधी परकी वाटत नाही. जवळच ‘सोनवा मंडप’ आहे. आल्हा-उदल या वीरांच्या गाथेतला आल्हा आणि राजकन्या सोनवा यांचे लग्न इथे लागले, असे लोक मानतात. वॉरन हेस्टिंग्जच्या नावाने ओळखला जाणारा बंगला, एक सूर्यघड्याळ आणि खोल पायऱ्यांची बावडीही पाहण्यासारखी आहे.

बावडीच्या काठाशी उभे राहिलात की तळातला काळोख पाहून मुले हमखास विचारतात, “तिलिस्माचे दार हेच का?” मोठ्यांनी घाईने नाही म्हणू नये. कारण या गडावर खरोखरच घडलेल्या गोष्टी ऐकल्या, तर खत्रींना फार काही कल्पावे लागले नसेल असे वाटू लागते.

खरीखुरी ऐयारी

गंगेच्या जलमार्गावर नजर ठेवणारा हा गड ज्याच्या हाती, त्याच्या हाती पूर्वेची वाट. त्यामुळे त्यावर सगळ्यांचा डोळा. १५३० च्या सुमारास, पुढे शेरशहा म्हणून दिल्लीच्या तख्तावर बसलेल्या शेरखानाने एकही तोफ न डागता तो मिळवला. किल्लेदार ताजखान मारला गेला होता. त्याची विधवा लाड मलिका हिच्याशी शेरखानाने विवाह केला आणि गड व खजिना दोन्ही त्याच्याकडे आले.

१५३८ मध्ये बादशहा हुमायूनने चुनारला वेढा घातला. काही महिने गेले तरी गड हाती येईना. तेव्हा त्याच्या तोफखान्याचा प्रमुख रूमीखान याने एक डाव रचला. हुमायूनचा सेवक जौहर याने आपल्या आठवणींत तो सांगितला आहे. रूमीखानाने आपल्याच एका गुलामाला फटक्यांनी रक्तबंबाळ केले. तो ‘पळून’ गडावर गेला, पाठीवरचे वळ दाखवून म्हणाला, मालकाने छळले, मला आसरा द्या. गडकऱ्यांनी विश्वास ठेवला, तट-बुरूज दाखवले. सारे पाहून तो पुन्हा निसटला आणि कच्च्या जागा मालकाला सांगितल्या. मग रूमीखानाने होड्या जोडून गंगेवर एक तरता बुरूज उभारला आणि नदीच्या बाजूने मारा केला. अखेर गड पडला. पाण्यावर तरंगत येणारा बुरूज! हे कादंबरीत वाचले असते तर आपण अतिशयोक्ती म्हणून हसलो असतो.

१७६४ च्या बक्सारच्या लढाईनंतर चुनार इंग्रजांकडे गेला. १७८१ मध्ये काशीचा राजा चेतसिंह याच्याशी बिनसले आणि शहर उठले, तेव्हा गव्हर्नर जनरल हेस्टिंग्जला जीव वाचवून पळ काढावा लागला. त्याने आसरा घेतला तो याच तटांआड. त्याच्या त्या पळापळीवर काशीकरांनी रचलेले विनोदी कवन अजूनही लोकांच्या तोंडी आहे. पुढे इंग्रजांनी या गडाचा उपयोग आणखी एका कामासाठी केला : धोकादायक राजकैदी ठेवण्यासाठी.

गंगेकाठचा मराठा कैदी

त्यांतला एक होता दुसऱ्या बाजीरावाचा कारभारी त्रिंबकजी डेंगळे. १८१५ मध्ये गायकवाडांचे वकील गंगाधरशास्त्री पटवर्धन यांचा पंढरपुरात खून झाला. तो त्रिंबकजीने करविला असा ठपका ठेवून एल्फिन्स्टनने त्याला पेशव्यांकडून मागून घेतले आणि ठाण्याच्या किल्ल्यात गोऱ्या शिपायांच्या पहाऱ्यात डांबले.

आणि इथे ऐयारी सुरू झाली. त्या काळातली हकीकत अशी, की एका मराठा मोतद्दाराने तिथल्या गोऱ्या अधिकाऱ्याकडे नोकरी धरली. घोड्याला खरारा करता करता तो कैद्याच्या खिडकीखाली गाणी म्हणे. पहाऱ्यावरच्या शिपायांना मराठीचे अक्षर कळत नव्हते; त्यांना ते नुसते गाणे वाटे. गाण्यात होता निरोप : रान कुठे आहे, घोडा कुठे आहे, माणसे कुठे थांबली आहेत. सप्टेंबर १८१६ मधल्या पावसाळी रात्री भिंतीला भोक पाडून त्रिंबकजी निसटला. तेजसिंहाला शोभावी अशीच ही सुटका!

पण पुस्तकातली गोष्ट इथे संपली असती. इतिहासातली संपली नाही. १८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि त्याच वर्षी नाशिककडच्या अहिरगावात त्रिंबकजी पुन्हा पकडला गेला. या खेपेस इंग्रजांनी त्याला मराठी मुलखात ठेवलेच नाही. नेऊन ठेवले ते चुनारला, जिथे खिडकीखाली कोणी मराठी गाणे म्हणणार नव्हते. १८२४ मध्ये बिशप हेबर गंगेच्या प्रवासात चुनारला उतरले, तेव्हा कडक पहाऱ्यातला हा कैदी त्यांनी पाहिला आणि आपल्या प्रवासवर्णनात त्याची नोंद केली. १८२९ मध्ये त्रिंबकजी इथेच वारला. त्याच्या हातून काय घडले, काय नाही, याचा निवाडा इतिहासकार करतील. पण तटावर उभे राहून त्या अफाट पात्राकडे पाहताना मनात येते, की अकरा वर्षे या माणसाच्या कानावर आपली भाषा किती पडली असेल?

राणी निसटली, पण...

त्याच्या मृत्यूनंतर वीस वर्षांनी याच गडावर दुसरा कैदी आला. महाराजा रणजितसिंहांची राणी जिंदन कौर. पंजाब खालसा झाला होता, नऊ-दहा वर्षांचा मुलगा दुलीपसिंह आईपासून तोडला गेला होता. इंग्रज या बाईला इतके वचकून होते की तिला लाहोरजवळून काशीला आणि काशीहून चुनारला हलवले. एप्रिल १८४९ मध्ये, इथे आणल्यावर थोड्याच दिवसांत, राणी मोलकरणीच्या वेषात पहाऱ्यातून बाहेर पडली आणि रानावनांतून मजल दरमजल करत नेपाळला पोहोचली. तुमच्या कुलपांना आणि पहारेकऱ्यांना न जुमानता मी जादूने निघून गेले, अशा अर्थाची चिठ्ठी तिने मागे ठेवली, असे सांगतात. खत्रींच्या जन्मापूर्वी बारा वर्षे, चुनारगढावर एक बाई ‘जादूने’ नाहीशी झाली होती!

कादंबरीत तिलिस्म फुटतो तेव्हा चंद्रकांता भेटते, खजिना सापडतो, लग्नाचे चौघडे वाजतात. राणी जिंदनला तिच्या कैदेबाहेर काय मिळाले? तिचे जडजवाहीर जप्त झाले. मुलाची भेट झाली ती १८६१ मध्ये, कलकत्त्याला, बारा-तेरा वर्षांनी. तोवर मुलगा परक्या देशात, परक्या रीतीभातींत वाढला होता. तो तिला विलायतेला घेऊन गेला आणि १८६३ मध्ये ती तिथेच वारली. आईचे दहन पंजाबात व्हावे अशी इच्छा होती, पण इंग्रजांनी तिथे जाऊ दिले नाही. तेव्हा दुलीपसिंहाने १८६४ मध्ये तिचे पार्थिव आणले ते आपल्या नाशिकला. गोदावरीकाठी राणीला अग्नी दिला गेला. पुढे १९२४ मध्ये तिची नात बांबा हिने त्या अस्थी लाहोरला नेल्या.

नाशिकच्या मुलखात पकडलेला मराठा गंगेकाठी मेला. गंगेकाठच्या तुरुंगातून निसटलेल्या पंजाबच्या राणीची चिता गोदेकाठी पेटली. चुनारचा गड पाहिला की या दोन नद्या अशा जोडल्या जातात.

जाताना काही सूचना

चुनारला जायला ऑक्टोबर ते मार्च हे दिवस चांगले. उन्हाळ्यात दगड तापतो. स्वातंत्र्यानंतर किल्ल्याचा मोठा भाग दीर्घकाळ पोलीस दलाच्या वापरात राहिला आहे, तेव्हा कोणता भाग पाहता येईल हे आधी विचारून घ्यावे. पिण्याचे पाणी जवळ ठेवावे आणि बावडीपाशी मुलांचा हात सोडू नये. चुनारची झिलईदार मातीची भांडी प्रसिद्ध आहेत. एखादी बरणी घरी आणली तर लोणच्याबरोबर आठवणही मुरेल.

आणि एक गोष्ट मुलांना मुद्दाम दाखवावी : इथला वालुकाश्म. सम्राट अशोकाच्या कारागिरांनी सारनाथचा सिंहस्तंभ घडवला तो या चुनारच्या दगडातून. सव्वादोन हजार वर्षांनंतरही त्याची चकाकी सारनाथच्या संग्रहालयात पाहता येते. २६ जानेवारी १९५० पासून ते सिंह आपल्या देशाची राजमुद्रा आहेत, आपल्या खिशातल्या नाण्यावर आहेत. खत्रींच्या तिलिस्मातला खजिना एका वारसासाठी राखून ठेवलेला होता आणि त्याचे नाव आधीच ठरलेले होते. चुनारच्या टेकडीने जे दिले, त्याला असा एकच वारस नाही. नाणे मुलांच्या तळहातावर ठेवा आणि त्यातले सिंह त्यांना दाखवा.